उजनी मायनसमध्ये गेली की आत्याची फिल्म कशी काढायची

परवा ओळखीतल्या एका पोरानं विचारलं, दादा, आज्जीचं गाव धरणात गेलंय, आज्जी आता ८१ ची आहे, तिच्यावर एक छोटी डॉक्युमेंटरी करायचीय तर कॅमेरा कुठला घेऊ. म्हटलं कॅमेरा घेऊ नको, माईक घे. त्याला वाटलं मी चेष्टा करतोय. मग एक चहा संपून दुसरा आला तरी माझं सांगणं संपेना, तेव्हा तो म्हणाला हे सगळं लिहून का नाही काढत, म्हणून हे. आधीच सांगून टाकतो, मी फिल्म इन्स्टिट्यूटमधला वगैरे अजिबात नाही, आयुष्यात एकच फिल्म केलीय, नऊ मिनिटांची, माझ्या आत्यावर, आणि त्या नऊ मिनिटांसाठी जेवढं गंडता येतं तेवढं गंडून झालंय.

आमचं गाव उजनीत गेलं. सोलापूर जिल्ह्यातलं, भीमेवरचं हे धरण १९८० ला पूर्ण झालं, त्याच्या आधीच गावं उठायला लागलेली. आता तुमच्यापैकी ज्यांना उजनी म्हणजे फक्त उन्हाळ्यातली बातमी एवढंच माहिती आहे त्यांच्यासाठी, कारण फिल्मचं अख्खं वेळापत्रक यावरच आहे. धरणात सगळं मिळून साधारण ११७ टीएमसी, म्हणजे ११७ अब्ज घनफूट पाणी मावतं, त्यातलं ६३ च्या वर मृतसाठा. म्हणजे अर्ध्याहून जास्त पाणी कागदावर मृत. दरवाजाच्या तळाखालचं पाणी आपोआप बाहेर सोडता येत नाही म्हणून ते मृत, आणि टक्केवारी मोजतात ती फक्त वरच्या ५३ टीएमसीची. त्यामुळं शून्य टक्के झालं तरी धरण रिकामं नसतं, तिथून खाली मायनस सुरू होतं. पेपरात 'उजनी मायनस ३०' वाचून सोलापूरवाल्यांच्या पोटात गोळा येतो, आणि आमच्या घरात मात्र म्हातारी माणसं वेगळाच हिशोब करतात, आता किती दिवसांनी वर येतंय.

वर येतंय म्हणजे गाव. दरवर्षी येत नाही हे नीट लक्षात घ्या. भिगवणच्या पुढं पळसदेवचं पळसनाथाचं देऊळ सगळ्यांनी फोटोत पाहिलेलं असतं, पाणी बरंच खाली गेलं की आधी शिखर दिसतं, मग हळूहळू सगळं देऊळ मोकळं होतं. २०२४ च्या उन्हाळ्यात उजनी उणे ५० च्याही खाली गेली होती, त्या वर्षी लोक गाड्या करून बघायला आले. आणि २०२५ ला मे संपायच्या आतच असा पाऊस कोसळला इंदापूर-बारामतीकडं की पाणी उलटं चढायला लागलं. ज्यांनी ठरवलं होतं मे अखेरीस सुट्टी काढून जाऊ, ते बसले. म्हणून पहिला नियम, धरणाची टक्केवारी मार्चपासून रोज बघायची, आणि शूटिंगचा घरातला भाग त्याच्या कितीतरी आधी उरकून घ्यायचा. पाणी तुमच्या रजेवर चालत नाही.

घरातला भाग म्हणजे काय, तर बसवून घेतलेली मुलाखत नव्हे. मी पहिल्यांदा तेच केलं. आत्याला नवी साडी नेसायला लावली, खुर्ची भिंतीला लावली, मागं कुंडी ठेवली, आणि विचारलं, "आत्या, गाव सोडताना तुला कसं वाटलं?" ती म्हणाली, "कसं वाटनार, वाईट वाटलं." संपलं. पुढं अर्धा तास मी असलेच प्रश्न विचारत होतो आणि ती तसलीच उत्तरं देत होती, टीव्हीवर पूरग्रस्त बोलतात तशी. कसं वाटलं हा प्रश्नच टाका काढून. त्याऐवजी जागेचं विचारा, वस्तूचं विचारा. चूल कुठल्या भिंतीला होती? दिवा कुठल्या कोनाड्यात? घरात सगळ्यात आधी कोण उठायचं, आणि तो उठला हे बाकीच्यांना कशावरनं कळायचं? या शेवटच्या प्रश्नाला आत्या पंधरा मिनिटं बोलली, कारण तिची आज्जी उठली की आधी कडी वाजायची, मग कोंबड्यांचं डालगं उचललेलं, मग जातं.

सगळ्यात जास्त कामाला आलं ते ज्वारीचं घर. एक दिवस जेवणं झाल्यावर आत्या ज्वारी निवडत बसली होती, मी म्हटलं ह्याच दाण्यांनी घर काढून दाखव की. तिनं सुपातली मूठभर ज्वारी फरशीवर सांडली आणि बोटानं ओळी ओढायला लागली. ही सोप्याची भिंत, हे माजघर, हितं उंबरा, उंबऱ्याला तिनं चमचा ठेवला आडवा. परड्यात लिंब होता तिथं एक कांदा. आणि हे चाललेलं असताना आतल्या खोलीतनं माझे वडील ओरडले, "लिंब तिकडं नव्हता, आडाकडं होता." आत्या वर न बघताच, "तुला काय आठवतंय, तू सात वर्साचा व्हतास." ते, "सात वर्साचा होतो म्हणूनच आठवतंय, त्याच्यावरनं पडलो होतो मी." दहा मिनिटं दोघांची लिंबावरनं जुंपली होती. वडील कॅमेऱ्यासमोर कधीच आले नाहीत, नको म्हणाले ते शेवटपर्यंत नकोच. त्या वर्षीच्या डिसेंबरात ते गेले. त्यांचा गावाबद्दलचा आवाज आमच्याकडं आहे तो एवढाच, आतल्या खोलीतनं, लिंबाबद्दल.

तेव्हा मला ते वैतागवाणं वाटलं होतं हे कबूल करतो. मी दोनदा "शूऽऽ" पण केलंय, ते पण रेकॉर्ड झालंय. म्हणून सांगतो, घरात रेकॉर्डिंग चालू असताना कुणाला गप्प करू नका. मिक्सर लावलाय, पोरं भांडतायत, कुणीतरी मधेच येऊन दुरुस्ती करतंय, चालू द्या. आणि लिंब नक्की कुठं होता ते शोधायला जाऊ नका. तलाठ्याकडचा जुना नकाशा काढून कोण खरं ते सिद्ध करायची हुक्की मला आली होती. काढला असता तर फिल्म मेली असती. फिल्ममध्ये लिंब दोन ठिकाणी आहे आणि दोन्हीकडं तो खरा आहे.

इथं एका फिल्मचं नाव घेतो, कारण ही दाणे मांडायची अक्कल मला तिथून आली. पॅट्रिसिओ गुझमान नावाचा चिलीचा दिग्दर्शक आहे, त्याची २०१० ची 'नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट', दीड तासाची आहे. अटाकामाचं वाळवंट, हवा इतकी कोरडी की जगभरातल्या दुर्बिणी तिथं, आणि त्याच वाळवंटात बाया हातात खोरी घेऊन आपल्या माणसांची हाडं शोधतायत, १९७३ च्या लष्करी उठावानंतर मारून पुरलेल्या माणसांची. वर बघणारे पण भूतकाळच बघतायत, कारण ताऱ्याचा उजेड पोचेपर्यंत जुना झालेला असतो, आणि खाली बघणाऱ्या पण. त्यात एक आर्किटेक्ट आहे, मिगेल लॉनर. तो छावणीत कैद असताना खोल्या पावलांनी मोजायचा, रात्री चित्र काढायचा, पाठ करायचा आणि सकाळ व्हायच्या आत कागद फाडून संडासात टाकायचा. पुढं डेन्मार्कला गेल्यावर सगळी छावणी आठवणीतनं परत काढली. फिल्ममध्ये तो घरात पावलं मोजत चालून दाखवतो. वय झालेलं माणूस, पावलं मोजतंय, बास. आपलं गाव कुणी मारलेलं नाही, सरकारी कागदावर रीतसर बुडवलंय, त्यामुळं ते दुःख आपल्याला लावून घेऊ नये, पण पद्धत उचलायला काय हरकत आहे. माणसाला आठवण सांगायला लावू नका, करायला लावा.

आता फोनकडं येऊ, लोकांना तेच हवं असतं.

गेल्या चारपाच वर्षांतला कुठलाही बरा फोन चालतो. फ्रेम रेट, म्हणजे सेकंदाला किती चित्रं घ्यायची ते, २५ ठेवा, कारण आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, ट्यूबलाईटखाली ३० वर शूट केलं की कधीकधी भिंतीवर पट्टे सरकताना दिसतात. आयफोनमध्ये सेटिंगात पॅल फॉरमॅट दाखवायचा एक खटका आहे, तो चालू केला की २५ मिळतं. नाहीतर ब्लॅकमॅजिक कॅमेरा नावाचं अॅप फुकट आहे, अँड्रॉइडलाही आहे, फक्त सगळ्या फोनवर चालत नाही. त्यात शटर, म्हणजे एका चित्राला उजेड किती वेळ आत घ्यायचा ते, १/५० सेकंदाला अडकवता येतं, घरात तसंच ठेवा. बाहेर उन्हात मात्र १/५० ठेवलंत तर सगळं पांढरंफट्ट, त्याला पुढं काळी काच म्हणजे एनडी फिल्टर लागतो, नसेल तर बाहेर शटर मोकळं सोडा, आपल्या फिल्मला कोण ऑस्कर देणार नाहीये. फोकस आणि उजेड लॉक करायला विसरू नका, स्क्रीनवर बोट दाबून धरलं की होतं बहुतेक फोनमध्ये, नाहीतर आत्या हात हलवेल तसा चेहरा उजळतो आणि काळवंडतो. फ्लाइट मोड. फ्लाइट मोड. परत एकदा, फ्लाइट मोड. माझ्याकडं आत्या ओवी म्हणतेय आणि मधेच पर्सनल लोनवाल्याचा फोन आलाय असा एक टेक आहे.

फोर-के व्हिडिओला एका मिनिटाला साधारण १७० एमबी जातात, तासाला दहा जीबी धरून चाला, जागा करून ठेवा. नसेल जागा तर फुल एचडी पुष्कळ झालं.

आवाजाला मात्र कंजुषी नको. छोटा वायरलेस कॉलर माईक दोनतीन हजारात बरा मिळतो. पण म्हाताऱ्या बाईला तो लावायचा कुठं हे कुठल्याच व्हिडिओत सांगत नाहीत. पदराला लावला की पदर सारखा सावरला जातो, प्रत्येक वेळी खसखस. गळ्याशी लावला की मण्यांवर टकटक. आत्या डोक्यावरून पदर घेते, म्हणजे कानाशी पण कापड. शेवटी ब्लाऊजच्या खांद्याच्या शिवणीला आतून सेफ्टी पिन, त्याच्यावर माईकची क्लिप, आणि पदर दुसऱ्या खांद्याकडं जरा ओढून. हे काम बहिणीनं केलं, तुम्ही पुरुष असाल तर घरातल्या एखाद्या बाईलाच सांगा आणि आधी आत्याला विचारा, ती काही बाहुली नाही. बांगड्या काढायला सांगू नका हं. दुसऱ्या दिवशी मी तो शहाणपणा केला, बांगड्या काढून ठेवल्यावर तिचे हात असे मांडीवर पडून राहिले, हलेचनात. बांगड्यांचा आवाज हा तिचा आवाजच आहे.

प्रत्येक जागेचा मिनिटभर नुसता आवाज घ्या, कुणी बोलायचं नाही. घराचा, अंगणाचा, धरणाच्या काठाचा. एडिटला बसाल तेव्हा या मिनिटाची किंमत कळेल, दोन वाक्यांच्या मधली भगदाडं त्यानंच बुजवायची असतात.

पाण्यातल्या गावाकडं

निघायचं पहाटे. पुण्याहून भिगवण शंभर किलोमीटरच्या आसपास, तिथून पुढं तुमचं गाव जिथं असेल तिथं. नऊ वाजेपर्यंतच उजेड बरा असतो आणि वारा कमी. दुपारनंतर तर थांबूच नका, मे महिन्यात तिकडं वळवाचं वारं दहा मिनिटांत उठतं. आम्ही शूट केलं त्याच महिन्यात, मे २०२४ ला, कुगाव ते कळाशी जाणारी बोट वादळी वाऱ्यात उलटून सहा जण गेले. त्यामुळं बोटीतनं जायचंच असेल तर लाइफ जॅकेट, आणि आभाळ जरा काळं दिसलं तरी परत. कितीही सुंदर दिसत असलं तरी परत.

गाळावर गाडी घालू नका. वरनं वाळलेला, भेगा पडलेला, टणक दिसतो, आणि खाली शिकरण. आमची गाडी चाकाच्या वर रुतली, गाळपेर केलेल्या शेतात एक जण पाणी देत होता त्यानं ट्रॅक्टर आणून काढली, पैसे घेईना, म्हणाला तुमच्याच गावची जमीन आहे, मी नुसती करतोय. हे वाक्य माझ्या कॅमेऱ्यात नाही कारण मी तेव्हा चाकाखाली दगड घालत होतो. असं होतंच, वाईट वाटून घ्यायचं नाही, वहीत लिहून ठेवायचं. ते वाक्य पुढं निवेदनात आलं.

वाऱ्याचं सांगायचं राहिलं. उघड्या धरणात वारा अडवायला काहीच नसतं. माईकवर जो स्पंजचा बोंडा येतो तो तिथं काहीच कामाचा नाही, केसाळ टोपी लागते, दुकानात तिला डेडकॅट म्हणतात, हो, मेलेलं मांजरच. मी पहिल्या खेपेला स्पंजवर गेलो आणि दोन तासांचं रेकॉर्डिंग म्हणजे नुसता विमानाचा आवाज. दुसऱ्या खेपेला भाचीच्या फाटक्या टेडीचा पाय कापून माईकला घातला, मस्त चाललं.

काय शूट करायचं, तर देऊळ नाही. म्हणजे करा एखादा शॉट, पण देवळाचे ड्रोनचे व्हिडिओ पन्नास सापडतील, तुमचा एक्कावन्नावा. ड्रोनला नियम पण आहेत आणि धरणाच्या भिंतीकडं तर कॅमेराच बाहेर काढू नका. तुमच्याकडं जे आहे ते दुसऱ्या कुणाकडं नाही, आणि ते म्हणजे तुमचं माणूस तिथं चालतंय. ट्रायपॉड लावा, नसेल तर दगडावर चप्पल, चपलेवर फोन, आणि हात लावू नका. प्रत्येक शॉट निदान तीस सेकंद धरा, मनात आकडे म्हणा. नवशिका माणूस आठव्या सेकंदाला कॅमेरा फिरवतो कारण त्याला वाटतं काही होत नाहीये. काही होत नाहीये तेच तर काढायचंय. आत्या गाळातनं चालत लांब जाते, बारीक होते, थांबते, मागं बघते, परत चालते. एक मिनिट दहा सेकंद. तो शॉट फिल्ममध्ये अख्खा ठेवलाय आणि बघणारा एकही माणूस त्यावर कंटाळला असं म्हणाला नाही, बाकी ठिकाणी म्हणाले.

वेळ कसा दाखवायचा हा लोकांना मोठा प्रश्न वाटतो, घड्याळाचे काटे, पानगळ, मेणबत्ती, देवा. धरणात वेळ आपोआप दिसतो. पाणी मागं सरकताना उतारावर रेघा सोडत जातं, एकाखाली एक, झाडाच्या बुंध्यात असतात तशा. आणि एक सोपा उद्योग, पाण्याच्या अगदी कडेला एक काठी रोवायची, तिचा शॉट घ्यायचा, आठवड्यानं परत त्याच जागेवरून घ्यायचा. मी लागोपाठ तीन रविवार गेलो. पहिल्या रविवारी काठीला पाणी लागत होतं, तिसऱ्या रविवारी पाणी लांब गेलेलं आणि काठीच्या बुडाशी कुणाची तरी शेळी बसलेली. तीन शॉट, एकही शब्द नाही. चौथ्या खेपेला पाऊस पडून गेल्यावर गेलो तर काठीच नव्हती, जळणाला नेली असणार कुणीतरी. तो रिकामा शॉट पण घेतला.

आणि शिंपले काढा जवळनं, गाळात शेकड्यांनी असतात, चिलापी मासे पकडणाऱ्यांची जाळी काढा, जुन्या रस्त्याचा कडेचा दगड दिसला तर तो काढा. पण हे सगळं नंतर. आधी माणूस, कारण माणूस दमतं. आत्यासाठी खुर्ची, छत्री, पाणी, ताक आणि तिच्या गोळ्या हे सगळं कॅमेऱ्याच्या बॅगेच्या आधी गाडीत गेलं पाहिजे.

आता माझी सगळ्यात मोठी फजिती. आत्या चालत चालत एका जागी थांबली. तिथं काहीही नव्हतं, नुसता गाळ, एक दगडसुद्धा नाही. मी फोनची बॅटरी संपली म्हणून पॉवर बँकेची वायर शोधत होतो, फोन बंद. मान वर केली तर आत्या चपला काढून उभी. म्हटलं आत्या, काटं असतील, घाल की. म्हणाली, "हितं देव्हारा व्हता रं." तिनं हात जोडले, काहीतरी पुटपुटली, मग चपला उचलून हातातच घेतल्या आणि पंधरावीस पावलं तशीच अनवाणी चालली, बहुतेक घर संपेपर्यंत. माझ्याकडं यातलं एक चित्र नाही. पण माईक त्याच्या स्वतःच्या मेमरीवर चालूच होता. तिचा श्वास, गाळाचा चपचप आवाज, ते पुटपुटणं, बांगड्या, आणि मागं माझं "थांब, थांब, परत कर." तिनं काही परत केलं नाही. म्हणाली, "देवाला काय परत परत पाया पडायचं असतंय का."

फिल्ममध्ये तिथं पडदा काळा आहे, चाळीस सेकंद, नुसता आवाज. माझं "परत कर" पण ठेवलंय, खोटं कशाला बोला. तर असा माईक घ्या ज्याच्या ट्रान्समीटरमध्येच, म्हणजे अंगावर लावतात त्या तुकड्यातच, रेकॉर्डिंग होतं, थोडा महाग पडतो, घ्या. नाहीतर दुसरा जुना फोन व्हॉइस रेकॉर्डर लावून तिच्या पिशवीत टाका.

कागद आणि फोटो

धरणग्रस्तांच्या घरात एक पिशवी असते. प्लॅस्टिकची, रबर बँड लावलेली, कपाटाच्या सगळ्यात खालच्या कप्प्यात. त्यात भूसंपादनाची नोटीस, पुनर्वसनाचे अर्ज, जुना सातबारा, मोबदल्याच्या पावत्या. हे कागद स्कॅन करून स्क्रीनवर पानंच्या पानं दाखवू नका, कोण वाचत नाही. पिशवी उघडताना दाखवा. आत्या रबर बँड काढते आणि सवयीनं मनगटात घालते, बांगड्यांच्या मधे, कागद घडीवर फाटलेला म्हणून दोन्ही तळहातांवर घेऊन उलगडते, वाचता येत नाही तरी कुठला कागद कुठला हे तिला शिक्क्यावरनं कळतं. बास की. स्कॅन वेगळे करून ठेवा, ६०० डीपीआयला, ते घरासाठी.

फोटो असतील तर फ्रेमच्या काचेतनं काढू नका, ट्यूबलाईट चमकते. खिडकीशी, सावलीत, फ्लॅश बंद. फोटो काचेला चिकटलेला असेल तर ओढू नका, फाटतो. आमच्याकडं गावातल्या घराचा एकही फोटो नव्हता, एक लग्नातला ग्रुप फोटो आहे त्यात मागं भिंतीचा वीतभर तुकडा दिसतो. मी तो तुकडा मोठा मोठा करत नेला, शेवटी नुसते दाणे दाणे दिसायला लागले. त्याच्या पुढं फरशीवरची ज्वारी जोडली. हे ठरवून नव्हतं, टाइमलाइनवर शेजारी पडलं आणि माझ्याच अंगावर काटा आला.

घरी आल्यावर आधी कॉपी. तीन ठिकाणी, त्यातलं एक दुसऱ्या घरात. आणि व्हॉट्सअॅपवरनं व्हिडिओ पाठवू नका, पाठवलात तर डॉक्युमेंट म्हणून पाठवा. माझ्या चुलतभावानं त्याच्या फोनवर चांगले वीस शॉट घेतले होते, ते साधे व्हिडिओ म्हणून ग्रुपवर टाकले आणि फोन भरला म्हणून मूळ उडवले. आता ते शॉट म्हणजे चिखलाचं चित्र चिखलानंच काढल्यासारखे दिसतात.

एडिटला डाविंची रिझॉल्व्ह नावाचं सॉफ्टवेअर फुकट आहे, लॅपटॉप जरा दणकट लागतो. फोनवर व्हीएन नावाचं अॅप पण चालतं. अडचण एकच, बऱ्याच फोनचं व्हिडिओ एकाच वेगानं रेकॉर्ड होत नाही, व्हेरिएबल फ्रेम रेट म्हणतात त्याला, मग लांब क्लिपमध्ये ओठ आणि आवाज हळूहळू फाकतात. हँडब्रेक नावाच्या फुकट सॉफ्टवेअरमधनं आधी कॉन्स्टंट २५ करून घ्या. पण कॉम्प्युटर उघडायच्या आधी सगळं फुटेज एकदा बघून चिठ्ठ्या करा, एका शॉटला एक चिठ्ठी, आणि जमिनीवर मांडा. मी आधी सालवार लावल्या होत्या, लहानपण, लग्न, धरण, नवं गाव. बघवेना, शाळेतला निबंध. मग बहिणीनं सगळ्या चिठ्ठ्या उचलल्या आणि दिवसाप्रमाणं लावल्या, पहाट, सकाळ, दुपार, संध्याकाळ. पहाटेत ते जातं आलं, कडी आली, आणि त्याच्यावर आजच्या धरणाचं पहाटेचं पाणी. दुपारी भांडण आणि लिंब. संध्याकाळी चपला. साठ वर्षं एका दिवसात बसली. तुमचं वेगळं बसेल, पण सालवार लावू नका एवढं ऐका.

आवाज चित्राच्या आधी येऊ द्या. जात्याची घरघर ऐकू येते, दोन सेकंद कळत नाही काय आहे, मग चित्र. आणि धरणाचे आकडे निवेदनात घालू नका. वर मी तुम्हाला टीएमसी सांगितले ते तुमच्यासाठी, फिल्ममध्ये आकडा एकच आहे, आत्या म्हणते "सत्तावीस पायऱ्या व्हत्या घाटाला", आणि ती मोजून दाखवते, चोविसाव्याला अडकते. तिथं कट.

निवेदन करायचंच असेल तर थोडं, आणि तुम्ही घरात बोलता तसं. माईक समोर आला की आपल्या अंगात आकाशवाणी येते, 'भीमेच्या कुशीत वसलेलं' वगैरे. मी पहिलं निवेदन तसंच केलं, आत्यानं ऐकून विचारलं, "ह्यो कोण बोलतोय?" मग परत केलं, रात्री, डोक्यावरनं गोधडी घेऊन. गोधडी लय भारी स्टुडिओ आहे, घुमत नाही, बाहेरचे ट्रक ऐकू येत नाहीत, फक्त उन्हाळ्यात घामानं मरायची तयारी ठेवा.

संगीत टाकू नका. बासरी तर नकोच. सिनेमाचं गाणं टाकलंत तर यूट्यूब क्लेम लावेल ते वेगळंच. आत्याची ओवी होती माझ्याकडं, लोनवाल्याच्या फोनच्या आधीचे दोन कडवे, तेवढ्यावर भागवलं.

आणि सगळ्यात आधी जिची आहे तिला दाखवा, नेटवर टाकायच्या आधी, आणि ती म्हणेल ते काढून टाका. आत्याला टीव्हीवर लावून दाखवली, घरातले सगळे जमलेले. लिंबाच्या भांडणाला, आतल्या खोलीतनं वडिलांचा आवाज आला तेव्हा कुणीच काही बोललं नाही, आत्या एकटी टीव्हीकडं बघून म्हणाली, "आडाकडं नव्हताच." काळ्या पडद्यावर तिला वाटलं लाईट गेली. मी म्हटलं नाही आत्या, तेवढं शूट नाही झालं, तू चपला काढल्यास ना तेव्हाचं आहे. ती जरा वेळ ऐकत बसली. मग म्हणाली, "बरं झालं. पाय लय घाण झालं व्हतं."